ताट वेगळे, हवा मात्र एकच

घरात कुणाला क्षयाचे निदान झाले, की पहिली हालचाल आपल्याकडे स्वयंपाकघरात होते. सावित्रीकाठचे महाड तालुक्यातील एखादे गाव असो, की पोलादपूरची डोंगरातली वाडी, रीत सारखीच. आजाऱ्याची थाळी वेगळी होते, पेला वेगळा होतो, त्यावर ओळखीसाठी खूण केली जाते. दस्तरखान अंथरला की त्याला 'तू मागाहून जेव' असे सांगितले जाते. आपली वयस्कर माणसे अजूनही टीबी म्हणत नाहीत. उर्दूतला तप-ए-दिक हा शब्द त्यांच्या तोंडी 'दिक' होऊन बसला आहे, आणि तोही ती आवाज खाली आणून उच्चारतात.

आणि रात्री? रात्री तोच आजारी माणूस माजघरात, खिडक्या-दारे लावून, पोराबाळांच्या शेजारी झोपतो.

म्हणजे जिथून आजार पसरत नाही तिथे आपण सगळा बंदोबस्त करतो, आणि जिथून पसरतो तिथे काहीच करत नाही. क्षयाचा जंतू ताटातून, पेल्यातून, कपड्यांतून, हस्तांदोलनातून किंवा गळाभेटीतून पसरत नाही. तो हवेतून पसरतो. फुफ्फुसाचा क्षय झालेला माणूस खोकतो, शिंकतो, मोठ्याने बोलतो, तेव्हा डोळ्यांना न दिसणारे कण हवेत जातात. बंद खोलीत ते तासन्‌तास तरंगत राहतात. त्याच हवेत जो श्वास घेईल त्याच्या छातीत ते उतरू शकतात. जर्मनीच्या रॉबर्ट कॉख यांनी हा जंतू शोधल्याचे २४ मार्च १८८२ रोजी जाहीर केले. या २४ मार्चलाच आपण दरवर्षी जागतिक क्षयरोग दिन पाळतो, शाळेत मुलांची फेरी काढतो, घोषणा देतो. पण या गोष्टीला एवढी वर्षे होऊनही आपल्या घरातला बंदोबस्त अजून ताटापाशीच अडकलेला आहे.

एक मात्र लक्षात घ्यायला हवे. जंतू छातीत गेला म्हणजे आजार झालाच असे नाही. जगातल्या सुमारे पाव लोकसंख्येच्या शरीरात हा जंतू झोपलेला आहे असा अंदाज आहे. त्यांतल्या शंभरातल्या पाच ते दहा जणांनाच आयुष्यात कधीतरी आजार होतो, बाकीच्यांना अंगची ताकद सांभाळून घेते. ही ताकद कमी पडते ती कुपोषणाने, तंबाखूच्या धुराने, एचआयव्हीने आणि साखरेच्या आजाराने. शेवटचा मुद्दा आपण अधोरेखित करून वाचावा. आखाती पैसा आल्यावर आपल्या घरांत जेवणाची चव वाढली, चालणे कमी झाले आणि मधुमेहाच्या गोळ्या प्रत्येक दुसऱ्या कपाटात आल्या. मधुमेह असलेल्याला क्षय होण्याचा धोका दोन-तीन पट असतो. घरातल्या दादीला साखर असेल आणि तिचा खोकला लांबत असेल, तर 'म्हातारपणाचा खोकला' म्हणून सोडून देऊ नये.

कौलारू घर आणि स्लॅबचे घर

आपल्या जुन्या घरांना पुढे पडवी होती, वर कौले होती, आढ्याला उंची होती. कौलांच्या फटींतून हवा खेळत असे. आता दुबई-कुवेतच्या कमाईतून स्लॅबचे घर उभे राहते. सरकत्या काचा, जाड पडदे, एखाद्या खोलीत एसी. दिसायला देखणे, पण आतली हवा आतच. त्यात आपल्याकडचा पावसाळा. तीन हजार मिलिमीटरच्या वर कोसळणारा पाऊस म्हणजे जून ते सप्टेंबर झडी अडवायला प्लास्टिक बांधायचे, खिडक्या लावून घ्यायच्या आणि सगळ्यांनी एका खोलीत बसायचे. याच चार महिन्यांत मुंबईहून, पुण्याहून खोकत घरी आलेला माणूसही त्याच खोलीत असतो.

दक्षिण अमेरिकेत पेरू देशातील लिमा शहरात याचा नीट अभ्यास झाला, तो २००७ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथल्या रुग्णालयांच्या खोल्यांत दारे-खिडक्या उघडल्यावर तासाभरात हवा किती वेळा बदलते हे मोजले. उघड्या खिडक्यांच्या खोल्यांत ती साधारण २८ वेळा बदलत होती; यंत्राने हवा खेळवणाऱ्या आधुनिक खोल्यांसाठी धरलेला आकडा होता १२. आणि १९५० च्या आधी बांधलेल्या, उंच छताच्या, मोठ्या खिडक्यांच्या जुन्या इमारती तर त्याहूनही पुढे होत्या. आपल्या आजोबांनी बांधलेले घर या बाबतीत आपल्यापेक्षा शहाणे होते असे आम्हांला वाटते. आता सगळ्यांनी स्लॅब फोडून कौले घालावीत असे कुणी म्हणणार नाही. पण समोरासमोरच्या दोन खिडक्या दिवसभर उघड्या ठेवणे, पावसाचा जोर ओसरला की पडदे बाजूला सारणे, आजारी माणसाची खाट पडवीत किंवा खिडकीपाशी हलवणे, यांना एक पैसाही लागत नाही. ऊन आत येऊ द्यावे. सूर्यप्रकाशात हा जंतू टिकत नाही.

खोकताना-शिंकताना तोंडावर रुमाल धरावा हे आपल्याला नव्याने शिकवायला कुणा डॉक्टरची गरज नाही. शिंकताना चेहऱ्यावर हात किंवा कपडा धरणे ही रसूलुल्लाह (सल्ल.) यांची सुन्नत आहे. ती आपण मुलांना मकतबमध्ये शिकवतो आणि मोठेपणी मस्जिदीच्या पहिल्या सफमध्ये उभे राहून विसरतो.

'व्हिसा लांबला'

आता खऱ्या अडचणीकडे येऊ. आजार लपवला जातो, आणि आपल्या भागात तो लपवण्याची दोन मोठी कारणे आहेत: व्हिसा आणि रिश्ता.

आखाती देशांत नोकरीला जाताना मेडिकल करावे लागते. पूर्वी लोक त्याला 'गामका' म्हणत, आता 'वाफिद' म्हणतात. त्यात छातीचा एक्स-रे असतो आणि क्षयाचा जुना डाग दिसला तरी 'अनफिट'चा शिक्का बसू शकतो. एजंटला पैसे देऊन झालेले असतात, कर्ज काढलेले असते, बहिणीचे लग्न त्या पगारावर ठरलेले असते. मग मुलगा खोकत असला तरी कुणी थुंकी तपासायला नेत नाही. कारण सरकारी वहीत नाव चढेल, गावात कळेल. मेडिकल दुकानातून खोकल्याच्या बाटल्या येतात, कुठून तरी तीन-चार दिवसांची ताकदवान अँटिबायोटिक येते, खोकला थोडा दबतो. आजार मात्र दबत नाही. उलट अशा अर्धवट औषधांमुळे काही वेळा थुंकीत जंतू सापडणेही अवघड होते.

आमच्या माहितीतल्या एका घराची गोष्ट सांगतो. गाव आणि नावे सांगणार नाही. सहावीतली एक मुलगी महिन्यातून दहा-बारा दिवस गैरहजर राहू लागली. विचारले तर 'बारीक ताप येतो' एवढेच. मग तिच्या मानेला गाठ दिसू लागली. घरी गेल्यावर चहा झाला, इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या, आणि माजघरातून खोकल्याचा आवाज येत राहिला. तो तिचा चाचा. चोवीस वर्षांचा, चार महिन्यांपूर्वी मुंबईहून परतलेला. घरच्यांनी सगळ्यांना सांगितले होते की व्हिसा लांबला आहे. खरे तर मेडिकलमध्ये तो अनफिट ठरला होता, आणि कागदावर कारण लिहिलेले होते. तो कागद कुराणशरीफ ठेवतात त्या कपाटात, कुणाच्या हाती लागणार नाही असा ठेवून दिला होता. चार महिने तो त्याच खोलीत झोपत होता आणि शेजारी ही मुलगी व तिचा तीन वर्षांचा भाऊ. त्याची थाळी अर्थातच वेगळी होती.

पुढे मुलीच्या गाठीतला क्षय निघाला, चाचाच्या फुफ्फुसातला. दोघांनी औषधे पुरी घेतली, दोघेही आज बरे आहेत, अल्हम्दुलिल्लाह. वर्गात मात्र वेगळाच प्रश्न उभा राहिला. काही पालकांनी आपल्या मुलांचे बाक बदलून मागितले. त्यांना समजावून सांगावे लागले, की मानेच्या गाठीचा, हाडाचा, पोटाचा किंवा गर्भाशयाचा क्षय शेजारी बसणाऱ्याला लागत नाही. पसरतो तो फुफ्फुसाचा आणि घशाचा, तोही औषध सुरू होण्याआधी.

लपवण्याने व्हिसा वाचला का? नाही. आणि इथेच आपल्या लोकांची समज चुकते. फुफ्फुसातला आजार जितका जुना होतो, जितका वेळ तो आतून पोखरतो, तितका डाग मोठा राहतो. पहिल्या महिन्यात पकडून पुरा इलाज केलेल्याच्या एक्स-रेवर फारसे काही न उरण्याची शक्यता जास्त असते. सहा महिने लपवून मग धावपळ करणाऱ्याच्या छातीवर आयुष्यभराची खूण राहते. व्हिसाच्या भीतीने लपवलेला खोकलाच व्हिसा खातो.

मुलींच्या बाबतीत तर बोलायलाच नको. रिश्ता मोडेल म्हणून तिला तपासणीलाच नेत नाहीत. नेले तर तालुका ओलांडून, कुणी ओळखणार नाही अशा गावात. निकाह झाल्यावर सासरी गोळ्या उशीखाली लपवून घ्यायच्या, आणि कुणी पाहिले की बंद करायच्या. क्षय आनुवंशिक नाही. तो रक्तातून, खानदानातून येत नाही. पुरा इलाज घेतलेली मुलगी इतर कुठल्याही मुलीसारखीच निरोगी असते, तिला मुलेबाळेही होतात. उलट गर्भाशयाचा क्षय न तपासता राहिला तर मूल न होण्याचे ते एक कारण ठरते, आणि मग दोष पुन्हा तिच्याच माथी येतो. रिश्ता पाहायला येणाऱ्या मंडळींनी 'हिला कधी टीबी होता का' असे विचारण्याऐवजी 'इलाज पुरा झाला का' असे विचारले, तर आम्ही त्यांना समजूतदार म्हणू.

आंबेनळी घाटाच्या वर

पोलादपूरहून आंबेनळी घाट चढला की ४० किलोमीटरच्या आसपास महाबळेश्वर, आणि पुढे पाचगणी. या पाचगणीत १९१२ मध्ये डॉ. रुस्तमजी बिलिमोरिया यांनी क्षयरुग्णांसाठी बेल-एअर सॅनिटोरियम सुरू केले. त्या काळात औषध नव्हते. थंड कोरडी हवा, विश्रांती, दूध-अंडी, हाच इलाज. ज्याला परवडे तो घाट चढून जाई. न परवडणाऱ्या आपल्या लोकांसाठी मुंबईत शिवडीचे रुग्णालय होते. आमच्या लहानपणी एखाद्याला 'शिवडीला नेले' एवढे ऐकले, की घरातल्या बायका तोंडावर ओढणी धरत. या दोन्ही गोष्टींनी आपल्या मनात एक कल्पना घट्ट बसवली: क्षय झालेल्या माणसाला घराबाहेर काढले पाहिजे, तरच बाकीचे वाचतील.

ही कल्पना खोटी ठरवली गेली ती आपल्याच देशात. १९५६ मध्ये मद्रासला एक क्षयरोग संशोधन केंद्र सुरू झाले. आज ते चेन्नईची राष्ट्रीय क्षयरोग संशोधन संस्था म्हणून ओळखले जाते. तिथे १९३ गरीब रुग्णांची चिठ्ठी टाकावी तशी दोन गटांत विभागणी केली. एका गटाला वर्षभर सॅनिटोरियममध्ये ठेवले, तिथे चांगले जेवण, पलंगावर विश्रांती. दुसऱ्या गटाला तीच औषधे देऊन आपापल्या घरी राहू दिले. घरे म्हणजे दाटीवाटीच्या वस्तीतली, जेवण अपुरे, काम चालूच. वर्षअखेरीस दोन्ही गटांतले रुग्ण जवळपास सारख्याच प्रमाणात बरे झाले. त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्यांच्या घरच्यांवर पाच वर्षे लक्ष ठेवले गेले. ज्यांचा रुग्ण घरी राहून औषध घेत होता, त्या घरांत सॅनिटोरियमवाल्यांच्या घरांपेक्षा जास्त लोक आजारी पडले नाहीत.

याचा अर्थ काय? घरच्यांना जो धोका व्हायचा असतो, तो बहुतेक निदान होण्याच्या आधीच होऊन गेलेला असतो, ज्या दिवसांत माणूस नुसता खोकत असतो आणि कुणी तपासत नाही. योग्य औषध नियमित सुरू झाले, की साधारण दोन आठवड्यांत बहुतेक रुग्णांपासून इतरांना होणारा धोका फार कमी होतो. त्या दिवसांत मास्क लावावा, वेगळ्या हवेशीर जागी झोपावे, लहान मुलांना जवळ घेऊ नये. त्यानंतर त्याला दस्तरखानावर परत बोलवावे. वेगळे ताट तर पहिल्या दिवसापासूनच नको.

थुंकी म्हणजे लाळ नव्हे

दोन आठवड्यांपेक्षा जास्त खोकला, संध्याकाळचा बारीक ताप, रात्री घाम, वजन उतरणे, भूक मंदावणे, थुंकीतून रक्त. यांतले काहीही असले तर थुंकी तपासून घ्यावी. महाड आणि पोलादपूरच्या सरकारी रुग्णालयांत याची सोय आहे, आणि बिरवाडी, दासगाव, पितळवाडीसारख्या प्राथमिक आरोग्य केंद्रांतून नमुना पुढे पाठवता येतो. वाडी लांब असेल तर आशाताईंना सांगावे, डबी त्या देतात. आता जंतूचा अंश ओळखणारी ट्रूनॅटसारखी यंत्रेही वापरात आहेत. ट्रूनॅट बनवणारी कंपनी आपल्या शेजारच्या गोव्यातलीच. दोन-तीन तासांत जंतू आहे का हे कळते, आणि तो रिफाम्पिसिन या मुख्य औषधाला दाद देईल की नाही हेही समजते.

पण यंत्र कितीही चांगले असले तरी डबीत काय टाकले यावर सगळे अवलंबून. आणि इथे आमचा अनुभव असा, की आपल्या भगिनी लाजतात. रुग्णालयाच्या व्हरांड्यात, चार पुरुषांसमोर, बुरखा सावरत खाकरायचे कसे? म्हणून त्या तोंडातली लाळ डबीत टाकून देतात. तपासणी 'निल' येते, घरचे शुक्र अदा करतात, आणि आजार वाढत राहतो. पाकिस्तानात रावळपिंडीच्या क्षयरोग केंद्रात नेमकी हीच गोष्ट तपासली गेली. तिथे काही महिलांना नुसते दोन मिनिटे नीट समजावून सांगितले, की लाळ नको, खोल श्वास घेऊन छातीतून खाकरून काढलेला बेडका हवा. ज्यांना सांगितले नव्हते त्या महिलांत शंभरातल्या ८ जणींना आजार सापडला, ज्यांना सांगितले त्यांच्यात १३ जणींना. २००७ मध्ये हे संशोधन जगापुढे आले. ना नवे यंत्र, ना नवे औषध. म्हणून भगिनींनो, डबी घरी आणा. सकाळी फज्रनंतर, चूळ भरून, घराबाहेर मोकळ्या हवेत, मागच्या परड्यात उभे राहून दोन-तीन दीर्घ श्वास घ्या आणि छातीतून काढा. नमुना बंद खोलीत किंवा न्हाणीत देऊ नका.

निदान झाले की औषध सरकारकडून मोफत. पहिले दोन महिने चार औषधे, पुढचे चार महिने तीन, रोज, वजनाप्रमाणे. खाजगी डॉक्टरकडे गेलात तरी त्याला रुग्णाची नोंद सरकारकडे करावीच लागते, २०१२ पासून तसा नियम आहे. नोंद म्हणजे गावात दवंडी नव्हे. रिफाम्पिसिनमुळे लघवी नारिंगी होते, त्याने घाबरून औषध सोडणारे आम्ही पाहिले आहेत. ते रक्त नव्हे, औषधाचा रंग आहे. डोळे पिवळे झाले, सारख्या उलट्या होऊ लागल्या किंवा नजर अंधूक झाली, तर मात्र त्याच दिवशी डॉक्टर गाठावा.

दोन महिन्यांत खोकला थांबतो, वजन वाढते, आणि माणसाला वाटते झाले बरे. सगळ्यात जास्त माणसे इथे गळतात. कामाला मुंबईला जायचे असते, लग्नसराई असते, भातलावणी असते. अर्धवट सोडलेले किंवा चुकीचे दिलेले औषध पुढे काय करते हे मुंबईने २०११ च्या अखेरीस पाहिले. हिंदुजा रुग्णालयाचे डॉ. झरीर उदवाडिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चार रुग्णांची माहिती प्रसिद्ध केली, ज्यांच्यातला जंतू तपासलेल्या एकाही औषधाला दाद देत नव्हता. त्यांच्यावर आधी वेगवेगळ्या डॉक्टरांनी वाटेल तशी औषधे वापरून झाली होती. असा जंतू हवेत गेला, की तो शेजाऱ्याच्या छातीतही तसाच चिवट राहतो. कामासाठी गाव बदलायचे असेल तर रुग्णालयात सांगावे, तिथे पुढच्या ठिकाणी औषध मिळण्याची व्यवस्था होते. आणि एक आपल्या भागापुरते: जुलै २०२१ चा पूर कुणी विसरलेले नाही. पाणी चढू लागले की आपण आधार कार्ड, पासपोर्ट, दागिने माळ्यावर टाकतो. गोळ्यांची पिशवीही त्याच डब्यात ठेवा.

रमजानमध्ये औषध बंद करणारेही आहेत. आजारी माणसाला रोजा पुढे पूर्ण करण्याची सवलत खुद्द कुराणाने दिली आहे. ती नाकारून इलाज तोडण्यात कसली इबादत? तब्येत सुधारल्यावर डॉक्टरांनी आणि आपल्या आलिमांनी रोज्याची परवानगी दिली, तर दिवसाचा डोस एकदाच घ्यायचा असल्याने त्याची वेळ डॉक्टरांना विचारून सेहरी किंवा इफ्तारच्या वेळेशी जमवता येते. दम करवून घ्यावा, दुआ करावी, त्याला कुणाची ना नाही. पण इलाज करण्याची शिकवणही रसूलुल्लाह (सल्ल.) यांचीच आहे, आणि वबा पसरलेल्या मुलखात जाऊ नये, तिथून बाहेर पडू नये ही ताकीदही त्यांचीच.

घरात एक रुग्ण निघाला की सगळ्यांची तपासणी व्हावी. ज्यांना आजार नाही त्यांना तो होऊ नये म्हणूनही गोळ्या मिळतात, रोज सहा महिने किंवा आठवड्यातून एकदा असे बारा आठवडे. पाच वर्षांखालच्या मुलांना त्या चुकवू नयेत. बीसीजी टोचली आहे म्हणून निर्धास्त राहू नये. ती लस लहान मुलांना मेंदूच्या क्षयासारख्या गंभीर प्रकारांपासून बऱ्यापैकी वाचवते. मोठ्यांच्या फुफ्फुसाच्या क्षयाला ती फारशी अडवत नाही. वर सांगितलेल्या घरातल्या तीन वर्षांच्या मुलाला या प्रतिबंधक गोळ्या सुरू केल्या होत्या. त्याला काहीही झाले नाही.

जमातीच्या हातात काय आहे

औषधाइतकेच अन्न लागते. झारखंडमध्ये २०१९ ते २०२२ या काळात डॉ. अनुराग आणि डॉ. माधवी भार्गव यांनी २,८०० रुग्ण आणि त्यांच्या घरच्या १०,३४५ माणसांवर मोठा प्रयोग केला. सगळ्या रुग्णांना शिधा दिला, पण निम्म्या घरांत रुग्णाबरोबर घरच्या प्रत्येकालाही दरमहा ५ किलो तांदूळ, दीड किलो तूरडाळ आणि जीवनसत्त्वांच्या गोळ्या दिल्या. ज्या घरांत सगळ्यांना शिधा मिळाला, तिथे नवे क्षयरुग्ण ३९ टक्क्यांनी कमी झाले, आणि पसरणाऱ्या प्रकारचे ४८ टक्क्यांनी. तांदूळ आणि डाळ! आम्ही हे वाचले तेव्हा आधी आपल्या बैतुलमालची आठवण झाली.

सरकार रुग्णाच्या खात्यात निक्षय पोषण योजनेतून दरमहा पैसे टाकते. २०१८ मध्ये ते ५०० रुपये होते, नोव्हेंबर २०२४ पासून १,००० झाले. पण बँक खाते आधारला जोडलेले नसले की तेही अडकतात, आणि घरच्या बाकीच्या माणसांच्या ताटाचे काय? 'निक्षय मित्र' म्हणून कुणीही व्यक्ती, संस्था, मंडळ रुग्णाला शिध्यासाठी दत्तक घेऊ शकते, ही सोय २०२२ पासून आहे. गावच्या जमातीने यात नाव नोंदवावे. दत्तक घेण्यासाठी रुग्णाचे नाव मस्जिदीच्या फळ्यावर लिहायची गरज नाही, लिहूच नये. शिधा रात्री दारात पोहोचला तरी चालतो. जुम्याच्या बयानात इमामसाहेबांनी वर्षातून दोनदा पाच मिनिटे या विषयाला दिली, तर आमच्या घोषणांच्या फेरीपेक्षा त्याचा परिणाम जास्त होईल.

ग्रामपंचायतींसाठी 'टीबीमुक्त पंचायत' ही योजना आहे. त्यातली एक अट आम्हांला फार आवडली: गाव टीबीमुक्त ठरायचे तर वर्षभरात दर हजार लोकसंख्येमागे निदान ३० संशयितांची तपासणी झालेली असली पाहिजे. म्हणजे 'आमच्या गावात एकही रुग्ण नाही' असे नुसते सांगून चालत नाही, आधी तपासून दाखवावे लागते. आपल्या मोहल्ल्यांतली किती माणसे त्या तिसांत असतात, हे जमातीच्या पुढच्या बैठकीत आशाताईंना बोलावून विचारता येईल. शंका असेल तर १८००-११-६६६६ हा मोफत क्रमांक आहे, नाव न सांगताही विचारता येते.

पाच माणसांच्या घराला झारखंडच्या हिशेबाने महिन्याला २५ किलो तांदूळ आणि साडेसात किलो तूरडाळ लागते, असे सहा महिने. आपल्याकडच्या एका बेताच्या वलीम्याला तांदूळ किती शिजतो, याचा हिशेब बिर्याणी करणाऱ्या बावर्च्याला विचारून पाहावा.